मरायच्या आधीचा फोन

मी शिकलो, पुसदच्या शाळेत शिक्षक झालो, ते दलपत आडे यांच्यामुळे. महागावजवळच्या आमच्या बंजारा तांड्यातले हे दलपतभाऊ नट होते. नाव सांगून तुम्हाला आठवणार नाही. चेहरा पाहिला तर म्हणाल, अरे, हे तर... हवालदार, पुजारी, आंधळा पेटीवाला, मंत्र्याचा धूर्त भाऊ, मालिकांत आणि सिनेमांत ते सगळं झाले. दीड महिन्यापूर्वी मुंबईतल्या भाड्याच्या खोलीत ते झोपेतच गेले. त्यांच्या सोबत्याचा फोन मला शाळेत आला. मला पहिली आठवण झाली ती याडीची, भाऊंच्या आईची. याडी म्हणजे आमच्या बोलीत आई. तिला आता मला सांगायचं होतं.

भाऊ पडद्यावर पहिल्यांदा मेले तेव्हा तांड्यात एकच टीव्ही होता. गोळी लागून ते कोसळले आणि याडीनं हंबरडा फोडला. बाया जमल्या, घरात चूल पेटली नाही. दुसऱ्या दिवशी महागावला नेऊन फोनवर भाऊंचा आवाज ऐकवला तेव्हा कुठं ती पाणी प्याली. त्यानंतर भाऊंनी नेमच केला. मरायचा भाग लागणार असला की आधी फोन.

"याडी, आज मी मरून राह्यलो. जेवून घेजो."

"आता कशानं?"

"इखानं."

"मेल्या, मागच्या टायमाले तं फासावर गेलता!"

हळूहळू याडी त्यांची मरणं हसत पाहू लागली. फोन आला म्हणजे पोरगा जिवंत, एवढं तिनं मनाशी पक्कं केलं.

मी दहावी झालो तेव्हा बाबा मला ऊसतोडीला नेणार होते. भाऊ तेव्हा तांड्यात आले होते आणि एका मालिकेत न्यायाधीश होते. ते बाबांना म्हणाले, "काका, पोराले शिकू द्या." बाबा हात जोडून उभेच राहिले.

"आता जजसायबच म्हनते तं..."

"काका, मी खोटा जज आहो."

"खरा जज कधी तांड्यात येते का?"

त्या खोट्या जजच्या निकालावर मी कॉलेजात गेलो. पुढं एका सिनेमात भाऊ म्हातारा गुराखी झाले, तेव्हा त्यांच्या चालण्यात मला माझे बाबा दिसले. बाबा तोवर गेले होते...

भाऊ गेल्याचा फोन आला त्या दिवशी, त्यांना घेऊन मुंबईहून गाडी यायच्या आधी मी तांड्यावर पोचलो. याडीनं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "फोन कुठी आला त्याचा?"

"याडी, खरंच गेले भाऊ."

"सांगितल्याबिगर नाही मरत तो."

भाऊंना अंगणात ठेवलं. याडीनं पदराचं टोक ओलं केलं आणि त्यांचा गाल पुसायला घेतला. "रंग लावला कोनं तरी. उतरते." गाल पुसला, कपाळ पुसलं, मान पुसली. कुणी तिला थांबवलं नाही. मग तिनं पदर उलटून पाहिला. त्याला काहीच लागलं नव्हतं.

भाऊंची शेवटची मालिका मात्र चालूच होती. आधीच चित्रित झालेल्या भागांत ते घरातले काका होते, हसायचे, सुनेला चहा मागायचे. याडी रोज समोर बसायची. गेल्या आठवड्यात ते भाग संपले. तिनं मला बोलावून घेतलं. "त्याले लिव," एवढंच म्हणाली. मी लिहिलं आणि त्यांच्या मुंबईच्या पत्त्यावर टाकलं.

"दलपतभाऊ,

या वेळी तुमचा फोन राहून गेला. मालिकेतली सून काल म्हणाली, काका गावाला गेलेत, कधी येतील माहीत नाही. याडीनं टीव्ही बंद केला. मी समजावू लागलो तर म्हणाली, 'मले माहीत हाये तो मेला. मीच पुसलं ना त्याले. पन टीव्हीवाल्यायनं साऱ्या लोकांईले सांगितलं गावी गेला म्हनून. मंग इथं दार लावून कसं बसू?'

तुमची बाज अंगणात टाकली आहे. ऊन आलं की याडी ती सावलीत ओढते. संध्याकाळी झटकते.

तुमचा,
प्रकाश"