विनय केळशीकरचा स्पॅनिश आवाज

लंडनच्या हॅरो भागातल्या मराठी घरांमध्ये विनय केळशीकरची ओळख ‘डॉक्टर सुप्रभांचे मिस्टर’ एवढीच. माद्रिदमध्ये मात्र रस्त्यातली माणसं त्याच्याकडे वळून बघत. नाव कुणालाच ठाऊक नसे. “अरे, तो सिनेमातला दुकानवाला!” म्हणत आणि खांद्यावर हात टाकून फोटो काढून घेत.

पुण्यात तो प्रायोगिक नाटकं करायचा. सुप्रभाला इथल्या हॉस्पिटलात नोकरी लागली तेव्हा तिच्यामागून आला, लहानग्या लेकीला, शाल्मलीला, सांभाळलं आणि ऑडिशन देत राहिला. ब्रिटिश मालिकांत एखाद्या वाक्याचा केमिस्ट किंवा टॅक्सीवाला व्हायला मिळे. मग बेगोन्या नावाची स्पॅनिश दिग्दर्शिका लंडनला शूटिंगसाठी आली आणि तिने त्याला कोपऱ्यावरच्या दुकानाचा मालक केलं. एकच प्रवेश होता. पण दूध पिशवीत भरता भरता त्याने गिऱ्हाइकाकडे असं काही पाहिलं, की बेगोन्या मॉनिटरमागे हसत सुटली. पुढच्या चित्रपटाला तिने त्याला माद्रिदला बोलावून घेतलं. मग इतरही बोलवू लागले.

दुकानवाला, आचारी, हात बघणारा ज्योतिषी, एकदा तर मोरोक्कोचा वकील. भूमिका कुठलीही असो, नायकाला अडचणीच्या वेळी आसरा द्यायचा आणि मुकाट बाजूला व्हायचं. आवाज तर कधीच त्याचा नसे, दुसरा कुणी नट तो नंतर भरायचा. सुरुवातीला ते रास्तच होतं, कारण विनय संवाद देवनागरीत लिहून नुसते घोकायचा. तरी ते त्याच्या मनाला लागलं. त्याने संध्याकाळच्या स्पॅनिश वर्गात नाव घातलं. मेट्रोपोलिटन लाइनच्या ट्रेनमध्ये तो पुटपुटत बसे आणि शेजारची माणसं हळूच सरकून बसत. “घरात तरी मराठी बोल रे बाबा,” सुप्रभा वैतागायची. पण काही वर्षांत फोनवर त्याचं बोलणं ऐकून माद्रिदचे लोक त्याला आपल्यातलाच समजू लागले.

अखेर बेगोन्याने खास त्याच्यासाठी भूमिका लिहिली. तीही दुकानदाराचीच, पण या दुकानदाराचा मुलगा अपघातात गेलेला असतो. ज्याच्या गाडीखाली तो गेला, तो माणूस एक दिवस दुकानात येतो आणि दुकानदार त्याच्याशी बोलतो. आयुष्यात प्रथमच विनयला एवढं मोठं भाषण मिळालं होतं.

“या वेळी तुझाच आवाज,” बेगोन्याने शब्द दिला.

पहिल्याच टेकला त्याने ते करून दाखवलं. ध्वनिमुद्रण करणाऱ्या माणसाने हेडफोन काढून डोळे पुसले. परत येताना विमानात विनयला काही खायची शुद्ध नव्हती.

लंडनमध्ये चित्रपट दाखवला गेला, त्या दिवशी तो सुप्रभाला आणि शाल्मलीला घेऊन गेला. पडद्यावर त्याचं तोंड हललं आणि त्यातून कुणा परक्याचा जाडाभरडा आवाज आला, चुकतमाकत, मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये. एका वेड्यावाकड्या शब्दाला मागच्या रांगेत कुणीतरी खुदकन हसलं.

शाल्मली त्याच्या कानाशी वाकली. मराठीत ती अजून अडखळायची. “बाबा, तुझी आवाज कुठे गेला?”

चित्रपट संपल्यावर बाहेर त्याने खेळासाठी आलेल्या बेगोन्याला गाठलं.

“शब्द दिला होतास.”

“निर्माते ऐकेनात. तुझं स्पॅनिश फार स्वच्छ आहे, विनय. त्या दुकानदाराच्या तोंडी लोकांना पटलं नसतं.”

“जन्म तिथे घालवलेला माणूस आहे तो. तूच लिहिलंस ना तसं?”

“लिहिलं.” ती जमिनीकडे बघू लागली.

“मग मला आधी का नाही सांगितलंस?”

“सांगितलं असतं तर तू आज आला नसतास.”

तेवढ्यात एक स्पॅनिश बाई डोळे पुसत आल्या. त्यांनी विनयचे दोन्ही हात धरले. “तुमचा तो आवाज! जन्मात विसरणार नाही मी.”

विनयने त्यांचे आभार मानले. इंग्रजीत.

घरी जाताना ट्रेनमध्ये सुप्रभा म्हणाली, “चेहरा तर तुझाच होता ना?” ती समजूत घालत होती, हे त्याला कळत होतं. तरी पुढचे कित्येक दिवस तो तिच्याशी धड बोलला नाही.

स्पेनची कामं यापुढे घेणार नाही, असं त्याने एजंटला कळवलं. तिने गळ घातली तर काय बोलायचं, याची त्याने मनाशी तयारी केली होती. “ठीक आहे,” ती म्हणाली आणि फोन ठेवला. बेगोन्याने एकदाही फोन केला नाही.

आता मेडिकलच्या मुलांच्या परीक्षेत तो खोटा पेशंट होतो. पोट धरून बसतो, मुलं कुठे दुखतंय विचारतात, घंटा वाजली की पुढचा मुलगा येतो आणि पुन्हा तेच दुखणं. सुप्रभाच्या ओळखीने मिळालेलं काम आहे.

परवा शाल्मलीने बेगोन्याच्या नव्या चित्रपटाच्या ट्रेलरची लिंक पाठवली. दुकानात लेस्टरचा कुणी नवा भारतीय नट उभा होता. स्वयंपाकघरात टेबलाशी बसून विनयने तो पाहिला.

“ह्याला हात कुठे ठेवायचे तेसुद्धा कळत नाही,” तो म्हणाला.

सुप्रभा भाजी चिरत राहिली. विनयने ट्रेलर पुन्हा पहिल्यापासून लावला.