ढग सरकेपर्यंत

व्हेरा दारात उभी होती, हातात आमचा डबा. "पपा गेले. काल दुपारी, झोपेतच," म्हणाली. आमच्याकडून गेलेला डबा तिच्या वडिलांनी कधी रिकामा परत केला नव्हता. चार प्लम तरी असायचे. हातात घेतला तर हलका लागला... तेव्हा कुठे मला ते खरं वाटलं.

न्यूझीलंडमधल्या पोरिरुआत आमच्या शेजारी राहणारे अर्काडी रशियात सिनेमाचे छायालेखक होते. उभी हयात तिथल्या एका स्टुडिओत गेली. बर्फात, खाणीत, मासेमारीच्या जहाजांवर त्यांनी कॅमेरा लावला. स्टुडिओ बंद पडला आणि ते लेकीकडे आले. इथे कामं मिळाली ती वाढदिवसांची आणि लग्नांची. ती खंत त्यांनी कधी उगाळली नाही. "उजेड सगळीकडे उजेडच," म्हणायचे. हट्टी मात्र पक्के. मनासारखा उजेड येईपर्यंत हात वर करून "पदाझ्दी" म्हणणार, म्हणजे थांब. माझे फोटो काढताना त्यांच्या या थांबण्यापायी माझा चहा कितीदा गार झाला असेल, देव जाणे.

माझ्या मुग्धाचं लग्न ठरलं तेव्हा त्यांचा एक डोळा गेला होता आणि दुसऱ्याचा भरवसा डॉक्टरांनी सोडला होता. "हे माझं शेवटचं काम. मला करू दे," ते म्हणाले. नाही कसं म्हणणार? लग्न आमच्या मागच्या अंगणात होतं. अंतरपाट धरला आणि अर्काडी हरखले. त्यांच्या लेखी तो सिनेमाचा पडदाच. मुग्धाच्या पाठीमागून ऊन आलं की तिची सावली त्यावर पडणार, नवरदेवाला नवरी आधी तशी दिसणार... आणि ऐन वेळी ढग आला.

"पदाझ्दी." हात वर गेला.

आमचे गुरुजी आठवडाभर आयटीत आणि शनिवार-रविवार पौरोहित्यात. मुहूर्ताला काटेकोर. "वहिनी, मुहूर्त टळतोय. अंकलना सांगा, नंतर हीप्स ऑफ फोटो काढू."

मी सांगितलं. अर्काडींनी कॅमेऱ्यावरून डोळा काढला नाही. "त्यांना सांग, माझाही मुहूर्तच आहे. तो ढगामागे आहे."

गुरुजींनी एकदा घड्याळाकडे पाहिलं, एकदा त्या म्हाताऱ्याकडे, आणि एक जादा मंगलाष्टक लावलं, तेही संथ सुरात. ते संपता संपता ऊन आलं. अंतरपाट उजळला, त्यावर मुंडावळ्या हलताना दिसल्या. जावई भान हरपून बघत राहिला. मग अंतरपाट खाली आला आणि अक्षता पडल्या. अर्काडी खुर्चीत बसले, कॅमेरा मांडीवर ठेवून रडले. "झालं," म्हणाले. जेवणाचं एकही दृश्य नाही म्हणून मुग्धाच्या सासरचे अजून कुरकुरतात. मला त्या लग्नाचं तेवढंच चित्र पुरतं.

दफनाच्या दिवशी आभाळ गच्च होतं. पेटी खाली सोडायला माणसं पुढे झाली, तेव्हा शेजारी उभे असलेले गुरुजी हळूच म्हणाले, "जरा थांबू या?" मी व्हेराला विचारलं. तिने मान हलवली. सगळे वाऱ्यात उभे राहिलो. ढग काही सरकला नाही. शेवटी व्हेरानेच खूण केली.

मला त्यांची फार आठवण येते. परवा कपाटातून अंतरपाट काढला आणि अंगणातल्या दोरीवर घातला. चहा घेऊन समोर बसले. त्यावर ऊन आलं तोवर चहा गार झाला होता. तसाच प्यायले.