एक ठोका म्हणजे थांबा

त्या मंगळवारी मी तिच्या दोन ठोक्यांची वाट बघितली नाही. आमचं दोघांचं मिळून केलेलं शेवटचं काम तेवढंच. अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीतून चादरींचे गठ्ठे भरून आमचा तीनचाकी टेम्पो अक्कलकोटकडं निघाला होता. मी पुढं, आणि माझी बायको पाठीमागं गठ्ठ्यांवर, माझ्याकडं पाठ करून, तोंड मागच्या रस्त्याकडं. माल एवढा उंच की आरशात नुसत्या चादरी दिसायच्या. म्हणून मागचं सगळं तिच्याकडं. हातात खलबत्त्याचा बत्ता, आणि माझ्या डोक्यामागं केबिनचा पत्रा. एस.टी.च्या कंडक्टरची घंटी असते ना, तसंच आमचं. एक ठोका, थांबा. दोन ठोके, चला. त्या दिवशी मोठ्या रस्त्याला लागायच्या आधी तिनं एक ठोका दिला. मी थांबलो. बराच वेळ झाला तरी पुढचे दोन येईनात. शेवटी मी दाराबाहेर मुंडी काढून मागं बघितलं, तर रस्ता पार चढाच्या माथ्यापर्यंत मोकळा, कुत्रंसुद्धा नाही. मी काय केलं, गाडी घातली रस्त्यावर. संध्याकाळी तिला ताप भरला आणि नवव्या दिवशी गेली. दवाखान्यात कावीळ म्हणाले. ते खरं असेल. पण मोकळा रस्ता असताना तिनं मला का थांबवलं, हे कुणीच सांगेना, आणि मला त्याच्यावाचून झोप लागेना.

पेपरच्या पुरवणीत मोठ्या माणसांवर लिहून येतं. माझी शाळा चौथीपर्यंत, आणि आमची बसव्वा शाळेत गेलीच नाही. तरी लिहितो. तिच्याबद्दल माझ्या मनात वर्षभर जे संशय होते, ते मी तिला तोंडावर विचारले नाहीत. आता कागदाला विचारतो.

मुळात संशयी ती. माहेर सरहद्दीवरचं, रागावली की कानडीत बोलायची, आणि सरकारनं काही फुकट दिलं की तिच्या कपाळाला आठी. दुष्काळानंतर एमआयडीसीच्या फाटकाच्या दोन्ही अंगांना मोठ्या रस्त्याला चिकटून एकेक जादा पट्टी डांबरली. कशासाठी ते कुणाला कळेना. कुणी म्हणालं बैलगाड्यांसाठी, कुणी म्हणालं मंत्री येणार आहे. मग एक दिवस सडकेचा साहेब आला आणि आम्हा गाडीवाल्यांना गोळा करून त्यानं समजावलं. बाहेर पडताना एकदम मोठ्या रस्त्यात घुसू नका. ह्या पट्टीवर वेग धरा, मागनं येणाऱ्या गाड्यांच्या बरोबरीला या, आणि मग जागा बघून मिसळा. पट्टी संपेस्तोवर जाऊन तिथं उभे राहू नका, उभ्या गाडीला वेग कुठला. आणि आत यायचं असलं तर उलटं, आधी पट्टीवर या आणि मग ब्रेक दाबा. भर रस्त्यात ब्रेक मारला की मागचा तुमच्या बोकांडी बसतो. एवढं सांगून साहेब जीपमध्ये बसला आणि त्याच्या ड्रायव्हरनं जीप पट्टीवर न नेता सरळ मोठ्या रस्त्यात घातली. बसव्वा लांबून बघत होती. "बगितलं का," ती म्हणाली, "सांगणाराच त्याच्यावरनं जाईना. कायतरी गोम हाय."

गोम काही नव्हती. पण तिला पटायला चार महिने गेले, आणि पटलं तेसुद्धा तिच्याच रीतीनं. एका दुपारी गल्लीत पोरी दोरीवर उड्या मारत होत्या. दोघी दोरी फिरवत होत्या आणि तिसरी आत शिरायला टपलेली. बसव्वा दारात बसून बघत होती. मला हाक मारून म्हणाली, "अवो, हितं या. ती बगा, बाहेर हुबी राहून आदीच आंग हलवतीया. दोरीच्या लयीत आली की मगच आत शिरतीया. थांबून उडी घेतली की दोरी तोंडावर बसती. तुमच्या सायबाला हेच सांगायचं हुतं की. जीप कशाला आणली एवढ्यासाठी?" त्या दिवसापासून ती पाठीमागं बसायला लागली. आधी ती ओरडून सांगायची, 'तडीरी', म्हणजे थांबा. पण आमच्या इंजिनापुढं तिचा आवाज पोचेना, म्हणून बत्ता आला. पट्टीवर मी वेग धरायचा, पाठीमागनं एक ठोका पडला की पाय ढिला करायचा, दोन पडले की उजवीकडं मिसळायचं. आत वळताना डाव्या अंगाला सायकलवाले कामगार असायचे, तेव्हाही तिचा एक ठोका. तीन वर्षांत एका सायकलला आमचं चाक लागलं नाही. बाकीचे गाडीवाले हसायचे, कंडक्टरीण म्हणायचे. ती म्हणायची, "म्हणू द्या. त्यांच्या मागं कुणी बसायला तयार न्हाय म्हणून जळत्यात."

पट्टीवर माणसं काय काय करायची. जवळच्या रानातला एक म्हातारा शेतकरी त्याच्यावर तूर पसरायचा, गाड्यांच्या चाकाखाली आयती मळून निघावी म्हणून. भरल्या वेगात शेंगांवरनं चाक घसरतं. एकदा आमची गाडी अशी आडवी झाली की बसव्वा गठ्ठ्यासकट खाली यायची राहिली. ती उतरली आणि बत्ता घेऊनच त्याच्याकडं गेली. "तुजी तूर मळायला आमची चाकं व्हय रं?" तो शांतपणे विडी ओढत म्हणाला, "मावशे, आता आलाच हाईसा तर मागं फिरून अजून दोन चकरा मारा की. लई ऱ्हायलीया." तिला हसू आलं, आणि हसू आलं म्हणून ती आणखी चिडली. पुढं तो तूर पसरायचा, पण पट्टीच्या कडेनं, आमच्या गाडीपुरती वाट सोडून.

मग मागच्या वर्षी तिची रीत बदलली. पट्टीच्या तोंडाशीच ती एक ठोका द्यायची आणि म्हणायची, "इंजिन बंद करा. गाडीला दम खाऊ द्या." मी म्हणायचो, साहेबानं थांबू नका सांगितलंय. ती म्हणायची, "शेवटाला थांबू नका म्हणलाय. सुरवातीला कितीबी थांबा." आमचं इंजिन एकदा बंद केलं की चालू व्हायला कुरकुर करायचं, माझं डोकं फिरायचं. मला वाटलं, ही भ्यायला लागली. मग वाटलं, हिला आता माझ्याबरोबर यायचा कंटाळा आलाय. त्यातच ती दर सोमवारी दुपारी शेजारच्या नरसव्वाकडं जाऊन दार लोटून बसायची. नरसव्वा विणकराची बायको, दोघींची गट्टी जुनीच, पण दार लोटायचं कारण काय? एकदा मी आत शिरलो तर दोघी गप्प झाल्या, आणि नरसव्वानं काहीतरी पदराखाली घेतलं. मी मनात म्हणालो, माझ्या कागाळ्या चालल्यात. घरी आल्यावर विचारलं नाही. विचारलं तर खोटं सांगेल, असा माझा समज.

आणि मग तो ट्रक. इंजिन बंद करून झालं, तिनं दोन ठोके दिले, मी गाडी चालू करून पट्टीवर वेग धरला आणि उजवीकडं घेतली, तोच कानाशी हॉर्न. भरला ट्रक आमच्या अंगाला घासून पलीकडं गेला. एक गठ्ठा रस्त्यावर पडला, बत्ता पडला, ती दोरीला धरून लोंबकळत राहिली. मी उतरून ओरडलो, "झोपलीवतीस का?" ती खाली मान घालून म्हणाली, "व्हय. डुलकी लागली." बसव्वाला गाडीवर डुलकी? जी बाई घरात झोपली तरी मांजराच्या पावलानं जागी व्हायची, ती? मला तिथंच कळलं की ही खोटं बोलतीय. पण का, ते कळलं नाही. त्या दिवसानंतर तिचे ठोके पडले तरी मी चोरून मुंडी बाहेर काढायचो. तिला ते कळायचं. एकदा म्हणाली, "भरवसा न्हाय तर कशाला बसवताय मागं?" आणि मग तो मंगळवार.

तिचे दिवस झाल्यावर नरसव्वा घरी आली. दारातच उभी राहिली, आत येईना. पदराखालनं तिनं एक कागद काढला, डोळ्याच्या दवाखान्याची चिठ्ठी आणि एक थेंबांची बाटली. म्हणाली, "अण्णा, हे माझ्याकडं ठेवलं होतं तिनं. उजवा डोळा साफ गेलेला, डाव्यानं नुसतं धुरकट. दर सोमवारी मी औषध घालायची."

"किती दिवस?"

"वर्ष झालं की."

"मला का सांगितलं नाहीस?"

"शपथ घातली होती. डॉक्टर म्हणाला, मोतीबिंदू हाय, कापू या. पण डोळ्याला पट्टी बांधून पडून राहावं लागंल. ती म्हणाली, मी पडले तर ह्यांच्या मागं कोण बसंल? कुणीबी बसलं तरी ते ऐकायचे न्हाईत. माझंच ऐकत्यात."

मला राग आला. नरसव्वाचा आला, डॉक्टरचा आला, दुष्काळात त्याच पट्टीसाठी खडी फोडताना तिच्या डोळ्यात कपची गेली होती, त्या खडीचासुद्धा आला. चिठ्ठीत कपचीचं काही नाही, पण मला संशय आहे. वर्षभर मी एका न दिसणाऱ्या बाईच्या भरवशावर भरल्या रस्त्यात गाडी घातली, असं म्हणून मी नरसव्वावर आवाज चढवला. ती गरीब बाई, पण तेव्हा सरळ माझ्या तोंडाकडं बघून म्हणाली, "अण्णा, तुमी दारात येताना खाकरताय. मागच्या वर्षीपासनं. आदी कदी खाकरत नव्हता."

खरं होतं ते. एकदा मी दारात उभा असताना बसव्वानं समोर बघून विचारलं होतं, "कोण हाय?" दुसऱ्या दिवसापासनं मी दारात आलो की खाकरायला लागलो. ती ज्वारीतले खडे बघून नाही, चाचपून काढायची, ते मी बघत होतो. सुईत दोरा ओवायला ती शेजारी जायची, तेही बघत होतो. मी सगळ्या जगावर संशय घेतला, आणि ज्याच्यावर घ्यायचा त्याला, म्हणजे स्वतःला, सोडून दिलं. विचारलं असतं तर तिला दवाखान्यात न्यावं लागलं असतं, आणि मग माझ्या मागं कोण बसलं असतं? तिनं नरसव्वाला सांगितलं तेच माझ्याही मनात होतं, फक्त मी ते मनातसुद्धा बोललो नाही. आणि माझं खाकरणं ऐकून तिलाही कळलं असणारच, की ह्याला ठाऊक आहे. दोघांनी एकमेकांना वर्षभर फसवलं आणि दोघांनाही ते माहीत होतं. त्या रात्री घरात शिरताना मी खाकरलो. घरात कुणी नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी नेहमीसारखा माल भरला. पट्टीच्या तोंडाशी आलो, इंजिन बंद केलं आणि मागं चढून तिच्या जागेवर बसलो, तोंड मागच्या रस्त्याकडं करून. पाठीला केबिनचा पत्रा लागला. तिथं बत्त्यानं खळगा पडलाय, बोराएवढा, रंग उडून पत्रा उघडा. मी डोळे मिटले. आधी कारखान्यांची खडखड, मग तीही मागं पडली. एक एस.टी. आली, ती तर माथ्यावरनंच ऐकू आली. बैलगाडी आली, घुंगरांवरनं कळली. एक फटफटी. डोळे मिटूनही रस्ता दिसत होता म्हणा ना, प्रत्येक गाडी कुठपर्यंत आली ते बोटानं दाखवता आलं असतं. मला वाटलं, दिसत नसलं तरी ती मला बरोबरच सांगत होती, उगाच मी तिचा जीव खाल्ला. मग सगळं शांत झालं. काहीसुद्धा आवाज नाही. मी मनात म्हणालो, आता मोकळा आहे, आता दोन ठोके. आणि डोळे उघडले.

ट्रक निम्म्या उतारावर होता. भरलेला, इंजिन बंद करून नुसत्या उतारावर सोडलेला, डिझेल वाचवायला. आम्ही सगळेच गाडीवाले करतो. मीसुद्धा करतो, त्याच उतारावर, वीस वर्षं, आणि वर बढाई मारतो. तसाच एक ट्रक तिला फसवून गेला होता. म्हणून त्याच्यानंतर तिनं शांततेवर भरवसा ठेवणं सोडलं. एखादी गाडी वाजत गेली की तिच्या पाठोपाठ दोन ठोके, आणि काहीच ऐकू येत नसलं की एक. मंगळवारी रस्ता मोकळा होता, म्हणूनच तिला काही ऐकू येत नव्हतं. तिला मोकळा रस्ता आणि तो ट्रक, दोन्ही सारखेच.

बत्ता गठ्ठ्यांच्या दोरीला बांधलेलाच होता. मी तो सोडला, हात मागं नेऊन खळगा चाचपला, आणि पत्र्यावर एक ठोका दिला. मग ट्रक खाली येऊन, माझ्या अंगावर वारा फेकून पुढं जाईस्तोवर तिथंच बसून राहिलो.