थांबू का?

निखाऱ्याशी वाद घालायचा नाही, हे गल्लीतल्या शाळकरी पोरांनाही ठाऊक होतं. इस्त्रीच्या दुकानात तिची हयात गेली. हे नाव तिला इस्त्रीमुळे पडलं की जिभेमुळे, यावर मात्र लोकांचं एकमत नव्हतं. तिच्या रागाला बहुतेक वेळा निमित्त पुरायचं, कारण लागायचं नाही. पण त्या दिवशी सभागृहाच्या पहिल्या रांगेत बसून कार्यक्रमपत्रिका वाचताना तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली, आणि त्या आगीला चांगलं कारण होतं.

पत्रिकेत छापलं होतं, ‘वयोमानामुळे कथेकऱ्यांना ठिकठिकाणी विस्मरण झाले आहे. ते दोष काढून ध्वनिमुद्रण शुद्ध केले आहे.’

"विस्मरण? माझ्या बापाला?" ती एवढ्या मोठ्यानं म्हणाली की मागच्या दोन रांगा सरसावून बसल्या.

बाप शेजारीच, रांगेच्या टोकाला तिरप्या लावलेल्या चाकाच्या खुर्चीत होता; तिथून मंचही दिसायचा आणि लोकही. अर्धांगाच्या झटक्यानं त्यांची वाचा गेली होती, एक बाजूही गेली होती. डोकं मात्र लख्ख होतं.

बाबांचं दाढी-कटिंगचं दुकान तिच्या दुकानाला लागूनच होतं. सुट्टीच्या दिवशी ते शटर अर्धं ओढून घ्यायचे आणि काळाची कथा सांगायचे. कथा फार जुनी, तोंडातोंडी आलेली. कुणी रचली हे कुणालाच माहीत नाही. त्यात काळ दारोदार फिरतो. राजाच्या दारात जातो, सुईणीच्या दारात जातो, चोराच्या, नवरीच्या. प्रत्येकाला एकच विचारतो, "थांबू का?" हा प्रश्न आला की सांगणाऱ्यानं हात वर करायचा आणि गप्प बसायचं. ऐकणाऱ्यांनी आपापलं उत्तर मनातल्या मनात द्यायचं. मोठ्यानं बोलायची रीत नाही. कुणाला काळ थांबायला हवा असतो, कुणाला तो एकदाचा टळायला हवा असतो. बाबा एकेक चेहरा बघत जायचे आणि सगळ्यांचं झालं असं वाटलं की हात खाली घ्यायचे. मग पुढची ओळ, ती कायम तीच, "तो हसला, आणि निघाला."

एकदा एका गिऱ्हाइकाच्या गालावरचा साबण वाळून पापडी झाली तरी हात खाली येईना, कारण कोपऱ्यातली नवरा गेलेली शेजारीण अजून विचारातच होती. गिऱ्हाईक अर्ध्या दाढीनं बसून राहिलं, पण चकार शब्द बोललं नाही.

ही कथा लेकीला द्यायचं बाबांच्या मनात कधीच नव्हतं. "तू काळाला उंबऱ्यावरूनच हाकलशील," म्हणायचे. ते खोटंही नव्हतं. सगळे मनात उत्तर देत असायचे, तेव्हा हिच्या डोक्यात कपड्यांचे गठ्ठे असायचे. कथा कुठे जाते, बाबा आहेतच की! मग लोककथा जमवणाऱ्या एका संस्थेची माणसं आली, दुकानात बसून सगळी कथा बाबांच्या आवाजात टिपून घेऊन गेली, आणि पुढे बाबांची वाचा गेली. आता त्यांचा आवाज जगात होता तो एवढाच.

संस्थेच्या संचालकांचं भाषण संपलं. टेपचं यंत्र सुरू झालं, आणि बाबांचा धडधाकट आवाज सभागृहभर पसरला. निखाऱ्याचे डोळे भरून आले. काळ राजाच्या दारात पोचला. "थांबू का?" आणि पाठोपाठ, श्वासही न घेता, "तो हसला, आणि निघाला."

तिनं वळून पाहिलं. बाबांचा चालता हात मांडीवरून उठून वर गेला होता आणि तिथेच होता. आवाज मात्र सुईणीचं दार ओलांडून चोराकडे पोचला होता. बापाचाच आवाज बापाला मागे टाकून पळत होता, आणि लोक कौतुकानं माना डोलवत होते.

ती उठली, तरातरा मंचावर गेली आणि नवरीच्या दारात काळानं "थांबू का?" म्हणताच तिनं यंत्राची पिन उपसली.

"ताई, हे काय? कार्यक्रम चालू आहे!" संचालक म्हणाले.

"चालू कसला, पळतोय! काय कापलंत तुम्ही?"

रेकॉर्डिंगवाला पुढे आला. "मोकळ्या जागा होत्या. कुठे इवल्याशा, कुठे लांबच लांब. आम्हाला वाटलं, बाबा आठवतायत."

"मग विचारायचं होतं! तेव्हा बोलत होते ना ते? वस्तरा गळ्यावर असताना माणूस गप्प राहतो, तेव्हा काय तो दाढी विसरलेला असतो? परत घाला त्या जागा."

त्यानं मान खाली घातली. "मूळ ठेवलेलं नाही."

इतक्या वर्षांत पहिल्यांदाच तिच्या जिभेवर शिवीसुद्धा येईना.

"मग आता काय करायचं?" संचालकांनी घड्याळाकडे बघत विचारलं.

"तो हात खाली येईपर्यंत गप्प बसायचं."

तेव्हा कुठे लोकांना तो हात दिसला. कुजबुज थांबली. बाबा नेहमीसारखे एकेक चेहरा बघत चालले होते. पदराचं टोक चुरगळत बसलेल्या एका म्हातारीवर त्यांची नजर बराच वेळ थांबली. संचालकांनी घड्याळावर बाही ओढली. रेकॉर्डिंगवाल्यानं डोळे पुसले. सगळ्यात शेवटी बाबांनी तिच्याकडे पाहिलं.

हात अजून वरच होता. तोंड एका बाजूला ओघळलं होतं. या हाताखाली ती लहानाची मोठी झाली होती आणि प्रत्येक वेळी भलताच विचार करत बसली होती. आज मनात एकच उत्तर होतं आणि ते मनात मावेना.

"थांब," ती ओरडली. "थांब ना रे मेल्या!"

रीत मोडली. बाबा अर्ध्या तोंडानं हसले आणि त्यांनी हात खाली घेतला.

रीतीप्रमाणे आता पुढची ओळ यायला हवी होती. तिनं स्वतःच्या हातानं पिन खोचली.

"तो हसला," बाबांचा आवाज म्हणाला, "आणि निघाला."