निमिषपूरची राणी आणि आम्ही मळमड्डीच्या बायका

काळ थांबवणाऱ्या बाईबरोबर बसून तुम्ही कधी चहा घेतलाय का? आम्ही घेतलाय, अख्खा एक उन्हाळा. आमच्या मळमड्डी वस्तीच्या महिला मंडळात किस्से डब्यांच्या झाकणांसारखे साठतात. कुठलं कुठल्या डब्याचं ते कळत नाही, पण टाकवतही नाही. त्यातले हे एका नाटकाचे.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. शाळेतून रिटायर झालेल्या नलिनीअक्कांनी मुलांसाठी नाटक लिहिलं. निमिषपूर नावाचं राज्य. तिथली राणी हात वर करते आणि काळ थांबतो. ती "चल" म्हणेपर्यंत कुणी हलायचं नाही. मात्र दर वेळी राणीचा एक केस पांढरा होतो. राणी स्वतः अक्का, प्रधान ललिता, स्वयंपाकीण विमलवहिनी. मी मॅट्रिक, शिवणकाम करणारी, म्हणून पोशाख माझ्याकडे आणि काम झाडाचं. काळ थांबला तरी झाडाला वेगळं काही करावं लागत नाही.

यजमान गेल्यापासून अक्का एकट्या होत्या. भाड्याचं घर सोडायचं ठरलं होतं आणि मुलगा आनंद त्यांना पुण्याला नेणार होता. त्यांना जायचं नव्हतं. हे सगळ्या मळमड्डीला माहीत होतं, फक्त आनंदला नव्हतं. त्याला त्यांनी एवढंच सांगितलं होतं, "नाटक होऊ दे, मग येते."

आता सांगा, अशा बाईच्या हातात काळ द्यावा का?

* * *

पहिला संशय केसांवरून आला. प्रॅक्टिस सुरू झाली आणि अक्कांचे केस भराभर पांढरे व्हायला लागले. आधी कानाजवळ, मग भांगात. विमलवहिनी मला कोपऱ्यात नेऊन म्हणाल्या, नाटकातलं हे काळ थांबवणं कुठल्या पोथीतून घेतलंय ते विचार बाई, भलतंच काही व्हायचं. विचारणार कोण? शेवटी ललितानं विचारलं. ती कुणाला भीत नाही.

अक्का शांतपणे म्हणाल्या, "कलप संपला. नवा प्रयोगाच्या आदल्या दिवशी आणीन. आत्ताच का वाया घालवू?"

* * *

मग प्रॅक्टिसच्या हॉलमधलं घड्याळ. अक्का आल्या की थोड्या वेळानं ते बंद पडायचं. साडेपाच म्हणजे साडेपाचच. घरी जायची वेळ होतच नसे आणि प्रॅक्टिस लांबत जाई. विमलवहिनी घड्याळाकडं बघून हात जोडायला लागल्या. ललितानं हात जोडले नाहीत. तिनं स्टूल घेतलं, घड्याळ उतरवलं. आत सेल नव्हता. तिनं अक्कांची पर्स मागितली. पर्समध्ये सेल निघाला.

"टॉर्चचा आहे," अक्का म्हणाल्या. "लोडशेडिंग असतं की नाही?"

"मग टॉर्च कुठं आहे?"

"तोच तर शोधतेय गं."

* * *

एकदा हॉल मिळाला नाही, म्हणून विमलवहिनींच्या घरी जमलो. अक्कांनी हात वर केला, आम्ही सगळ्या पुतळे. गॅसवर दूध होतं. ते वर येताना आम्हाला दिसत होतं. ललिता डोळ्यांनी खुणावत होती. पण राणी काही "चल" म्हणेना, आणि मंडळाचा नियम म्हणजे नियम. दूध ओट्यावरून खाली आलं.

विमलवहिनींच्या सासूबाई धावत आल्या. "एन्रव्वा इदु?" म्हणजे काय गं बायांनो हे, अशी कानडीत सुरुवात केली, गॅस बंद केला आणि मराठीत संपवलं, "तुमचा काळ थांबलाय, ते माझ्या दुधाला कुणी कळवलं होतं?"

* * *

प्रयोगाची तारीख तीनदा बदलली. कधी मुलांची परीक्षा, कधी कुणाचं लग्न, कधी अक्कांचा घसा. आनंदचे पुण्याहून फोन यायला लागले. तेव्हा ललिता सगळ्यांसमोर बोलली, की काळबिळ काही नाही, ही बाई मुद्दाम लांबवतेय आणि आम्हाला खेळवतेय. अक्कांनी मान खाली घातली. चौथी तारीख त्यांनी स्वतःच ठरवली, आनंदला कळवली आणि नंतर एकदाही बदलली नाही.

त्या तारखेच्या आठवडाभर आधी ललितानं निरोप पाठवला. पाय मुरगळलाय, उभं राहवत नाही, प्रधानाशिवाय नाटक कसं होणार, पुढं ढकला.

मी त्याच संध्याकाळी अस्तराचं कापड आणायला सुभाष रोडला गेले. समोरून ललिता दोन्ही हातांत पिशव्या घेऊन धावत आली आणि चालत्या सिटी बसमध्ये चढली. मीही तिच्यामागं चढले आणि पायाचं विचारलं.

खिडकीबाहेर बघत ती म्हणाली, "मळमड्डीत दुखतोय. इकडं नाही दुखत."

* * *

प्रयोग ठरल्या तारखेलाच झाला. हॉल मुलांनी भरला होता. पहिल्या रांगेत आनंद बसला होता. घराची किल्ली मालकाला देऊन तो थेट तिथं आला होता.

शेवटचा सीन. राणी हात वर करते, काळ थांबतो, मग "चल" म्हणते आणि पडदा. अक्कांनी हात वर केला. आम्ही थांबलो. मुलं हसली, मग गप्प झाली. अक्का "चल" म्हणेनात. त्या डायलॉग विसरल्या असं मला वाटलं. पण लिहिलेलं त्यांनीच, आणि शब्द तो एकच.

विमलवहिनींच्या नाकावर माशी बसली, ती त्यांनी हाकलली नाही. ललिता ओठ न हलवता पुटपुटली, "अक्का, म्हणा की." अक्कांचा हात खाली येत नव्हता. त्या समोर बघत होत्या, आनंदकडं. त्यानं घड्याळ बघायला मनगट उचललं. मग त्यानं आईकडं बघितलं, आणि मनगट तसंच अर्ध्यावर राहिलं. तोही हलेना.

आम्ही किती वेळ उभ्या होतो यावर आजही आमचं एकमत नाही. विमलवहिनी म्हणतात दोन मिनिटं. ललिता म्हणते अर्धा तास. मी झाड होते, मला विचारू नका.

आनंदनं हळूच मान हलवली. होय म्हणतात तशी.

अक्का "चल" म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी आनंद एकटाच पुण्याच्या गाडीत बसला, आणि अक्कांची ट्रंक रिक्षातून ललिताच्या घरी आली.