शेवटच्या रांगेला दिसणारी तोफ

पडदा वर जातो.

माधवनगर. बंद पडलेल्या कापड गिरणीमागची पत्र्याची लांब शेड. पत्र्याच्या भोकांमधून सकाळचं ऊन आत उतरलेलं, जणू कुणी जाणत्या माणसाने जागा ठरवून दिवे लावलेत. उजव्या हाताला खिळ्यांवर टांगलेल्या तलवारी, भाले, गदा. डाव्या हाताला हत्तीचं पुढचं अर्धं अंग. मागचं अर्धं कधी झालंच नाही, कारण हा हत्ती जन्मभर विंगेतून नुसता डोकावला. मधोमध सोनेरी सिंहासन, आणि सिंहासनावर मांडी घालून बशीतला चहा फुंकत बसलेले आप्पासो सुतार.

आप्पासो स्वतः कधी तोंडाला रंग लावून उभे राहिले नाहीत. पण मिरजेपासून कोरेगावपर्यंत जत्रेतल्या नाटकांत जेवढे सरदार पडले, तेवढे सगळे आप्पासोंच्या शस्त्रांनी पडले. रहिमतपुरात ज्या तलवारीने सेनापती कोसळला, तीच तलवार पुढच्या जत्रेत विट्याला फितूर कारभाऱ्याचा निकाल लावायची.

या धंद्यात आप्पासोंनी दोन नियम पाळले. पहिला म्हणजे वस्तू शेवटच्या रांगेतल्या म्हातारीला दिसली पाहिजे. त्यामुळे त्यांची तलवार खऱ्या तलवारीपेक्षा हातभर लांब, आणि त्यांचा खंजीर ऊसतोडीच्या कोयत्याएवढा. दुसरा नियम असा, की शस्त्र न्यायला आलेल्या माणसाला तीन प्रश्न विचारायचे. नाटक कंचं? मरणार कोण? आणि मेलेला पडदा पडल्यावर उठणार का? एकदा मिरवणुकीसाठी काही पोरं तलवारी मागायला आली. आप्पासोंनी प्रश्न विचारले आणि पोरांना हात हलवत परत पाठवलं.

"माझ्या तलवारीनं मेलेला माणूस मागं जाऊन चहा पितो," ते म्हणाले. "तुमच्या मिरवणुकीतला पिणार हाय का?"

त्या सकाळी सिंहासनासमोर त्यांचा जावई दिग्विजय उभा होता. शिरवळच्या एका कारखान्यात मोठ्या हुद्द्यावर असलेला, सरळ स्वभावाचा, इस्त्रीच्या शर्टातला गडी. मुलीचं, संयोगिताचं, म्हणणं होतं की आप्पांनी आता शिरवळला आमच्याजवळ राहावं. दिग्विजयचंही तेच म्हणणं होतं, फक्त त्यात एक शब्द जास्त होता. "ते भंगार विकून टाका, मामा."

भंगार! हा शब्द ऐकला की आप्पासो आठवडाभर शिरवळचा फोन उचलत नसत. पण आज दिग्विजयचा चेहरा वेगळा होता.

"मामा, एक तोफ करून देता?"

आप्पासोंनी बशी खाली ठेवली. "नाटक कंचं?"

"नाटक नाही हो. फिनलंडची कंपनी आहे. तोफा बनवते. त्या तोफांचे मागचे लोखंडी पाय आमच्याकडून करून घ्यायचं चाललंय. कारखान्यात मोठा कार्यक्रम ठेवलाय, लष्करातले निवृत्त साहेब येणार आहेत. अंगणात उभी करायला तिकडून खरी तोफ यायची होती, पण अडकली."

"घाटात?"

"त्यांच्या सरकारात. तिथं एकेक शस्त्र देशाबाहेर काढायला परवाना लागतो. कुणाला देणार, तो कशाला वापरणार, पुढं कुणाला विकणार नाही ना, सगळं लिहून मागतात. परवाना आला नाही आणि मांडव तर उभा राहिला. नवरदेवाशिवाय लग्न लावायची पाळी आलीय."

त्याने तोफेचा छापील आराखडा सिंहासनाच्या हातावर पसरला. आप्पासोंनी तो डोळे बारीक करून बघितला.

"करतो. पण एक बोलणं. तोफ जमली तर तो शब्द पुन्यांदा तुमच्या तोंडात यायचा न्हाई आन ही शेड हाय तशी ऱ्हाईल."

"आणि फसली तर?"

आप्पासोंनी एकदा हत्तीकडे बघितलं. "फसली तर तुमी टेम्पो आणा. मी सोता सामान भरून देतो."

जावई गेला आणि आप्पासो कामाला लागले. गिरणीत कापडाचे तागे गुंडाळायच्या पुठ्ठ्याच्या जाड नळ्या पडून होत्या. त्या एकात एक घालून नळी झाली. आत बांबू, वर गोणपाट, त्यावर कागदाचा लगदा, चिंचोक्याची खळ आणि शेवटी असा काही रंग, की बोट लावल्यावर गार लागेल असं वाटावं. एकेका बोल्टाची चकती लाकडाची. त्या बोल्टांवर गंजाचे बारीक ठिपकेसुद्धा काढले. नुसता आराखड्यातला लांबीचा आकडा त्यांना पटला नाही.

"बारकी हाय," ते हत्तीला म्हणाले. "कागदावरची तोफ कागदापुरती. मागच्या रांगंला दिसायची कशी?"

आणि त्यांनी नळी हातभर नव्हे, चांगली पुरुषभर वाढवली. तोंडही रुंद केलं. जन्माची सवय. हात थांबतो होय!

तोफ ट्रकवर चढली, नळीच्या टोकाला लाल फडकं बांधलं आणि आप्पासो ड्रायव्हरशेजारी बसून निघाले. टोलनाक्यावरच्या माणसाने ती बघितली, ताडकन उभा राहून सलाम ठोकला आणि लष्कराच्या गाड्यांची वाट मोकळी करून दिली.

"आरं गड्या, नाटकाची गाडी हाय ही!" आप्पासो खिडकीतून ओरडले. "टोल घे की!"

"आप्पा, तुमी गप बसा," ड्रायव्हर म्हणाला. "आयुष्यात पयल्यांदा कुणीतरी मला सलाम ठोकलाय."

शिरवळच्या कारखान्याच्या दारात केरबा उभा होता. केरबा तोफखान्यातून निवृत्त झालेला, आता इथला पहारेकरी. मिशा अशा, की दोन्ही टोकांना लिंबू ठेवावं. त्याने तोफेभोवती एक फेरी मारली, नळीत डोकावला आणि आप्पासोंना बाजूला घेतलं.

"काका, ही आमच्या तोफेपेक्षा लांब हाय. रेंज किती?"

"शेवटच्या रांगेपत्तूर," आप्पासो म्हणाले.

केरबाने मान डोलावली. लष्करात जास्त विचारत नाहीत.

कार्यक्रमाच्या दिवशी तोफेने अंगण भरून टाकलं. निवृत्त साहेब लोक चष्मे पुसून बघायला लागले. फिनलंडच्या कंपनीचा पाहुणा आला. नाव युहा, उंची दरवाजाएवढी, बोलणं जवळपास नाहीच. दिग्विजयने त्याला 'नमुना उभा करतोय' असं आधीच कळवलं होतं. पण युहाने टेबलावर मावेल, शेजारी फुलदाणी ठेवता येईल, असा नमुना मनात धरला होता. तो तोफेसमोर थांबला. बघत राहिला. दिग्विजयच्या कपाळावर घाम आला.

शेवटी युहा बोलला. दिग्विजयने मराठीत सांगितलं, "ते म्हणतायत, ही आमची नाही."

"बरोबर हाय," आप्पासो म्हणाले. "माझी हाय."

युहाच्या ओठाचा एक कोपरा किंचित हलला. पुढे संयोगिताने त्याला पुरणपोळी वाढली, त्याने तीन खाल्ल्या आणि दिवस साजरा झाला. तोफेसमोर फोटोही निघाले. तोफेच्या पुढ्यात 'लाकडी नमुना' अशी पाटी ठेवली होती. केरबा छातीवर पदकं लावून, मिशांना पीळ देऊन, बरोबर ती पाटी झाकून उभा राहिला.

नाटकात एक चूक झाली की सांभाळून घेता येते. पण ही चूक फोनवरून गावोगाव पळाली. एका पेपराने छापलं, 'शिरवळमध्ये दाखल झाली लांब पल्ल्याची तोफ!' साताऱ्यातून पुण्याला, पुण्यातून आणखी कुठं कुठं, असा तो फोटो थेट युहाच्या देशात पोचला. तिथं तोफांचे परवाने देणाऱ्या खात्याने कंपनीला विचारलं, परवाना दिलेला नसताना ही तोफ भारतात गेली कशी? आणि आमच्या माहितीपेक्षा ही लांब कशी? उत्तर मिळेपर्यंत कंपनीचे सगळे परवाने थांबले, आणि त्यांच्यासोबत शिरवळचे लोखंडी पायही.

दिग्विजयचा फोन माधवनगरला खणखणला.

"मामा, तुमची तोफ फसली."

"का? रंग उडाला?"

"उलटं झालंय. लोकांना खरी वाटली."

एवढं ऐकून आप्पासोंचा ऊर भरून आला. त्यांच्या जन्मात कुठल्या टीकाकाराने अशी पावती दिली नव्हती! पण दिग्विजय पुढे बोलत होता. युहा इथंच अडकलाय, म्हणतोय, करवत आणा. चित्रीकरण चालू ठेवून सगळ्यांसमोर तोफ मधोमध कापा, आतला बांबू दिसू दे, म्हणजे खात्याची खात्री पटेल.

"आणि आपलं बोलणं लक्षात आहे ना, मामा?" दिग्विजयचा आवाज खाली आला. "फसली तर..."

आप्पासोंनी फोन ठेवला. शेडमध्ये एक चक्कर मारली. सिंहासनावरची धूळ उपरण्याने झटकली, हत्तीच्या सोंडेवरून हात फिरवला. मग टोपी घातली आणि सांगलीच्या स्टँडवरून पुण्याची एसटी धरली.

शिरवळला पोचले तेव्हा अंगणात गर्दी होती. करवतवाला सुतार बिडी विझवून तयार होता. बिडी विझवायला लावली होती केरबाने. तोफ कागदाची आहे हे माहीत असूनही 'दारूगोळ्याजवळ विडी न्हाई' म्हणून तो सगळ्यांवर गुरकावत होता.

"थांबा!" आप्पासोंचा आवाज घुमला. मंचावर कधी न गेलेल्या माणसाने जन्मभर विंगेत उभं राहून तो आवाज साठवून ठेवला होता. "राजा खरा न्हाई हे दावायला नटाचं पोट फाडत्यात व्हय? टोप काढायचा असतोय!"

"म्हणजे काय करायचं?" दिग्विजय म्हणाला.

"तुमचा तो फोन चालू करा. आन त्या सायबाला म्हणावं, नीट बघ."

आप्पासोंनी धोतराचा काचा मारला. तोफेच्या कण्यात नळी अडकवणाऱ्या चार लाकडी खुंट्या होत्या, त्या एकेक करून काढल्या. मग वाकून ती भलीमोठी, काळीकुट्ट, गंजाचे ठिपके पडलेली नळी एका झटक्यात खांद्यावर घेतली, नांगर घेऊन शेताला निघावं तशी. आणि ते चालायला लागले.

अंगणातली गर्दी मागे सरकली. मग कामगारांनी शिट्ट्या मारल्या. सत्तरीपार म्हातारा लष्करी तोफेची नळी खांद्यावर टाकून कारखान्याला प्रदक्षिणा घालतोय! वळणावर नळीचं टोक फिरलं तसे कॅन्टीनवाले खाली बसले. संयोगिता ओरडली, "आप्पा, पडाल!" आप्पासो म्हणाले, "हत्ती उचललाय पोरी, ही काय!" केरबा मात्र मागून पळत होता आणि रडकुंडीला येऊन सांगत होता, "काका, बॅरल जमिनीला लागू द्यायची न्हाई! रेजिमेंटची इज्जत हाय!"

प्रदक्षिणा पुरी झाली. आप्पासोंनी नळी युहापुढे धरली. युहाने ती घेतली. एका हाताने. वर केली, खाली केली. टिचकी मारली, डब्बकन आवाज आला. आणि तो हसायला लागला. न बोलणारा माणूस हसतो तेव्हा साठवलेलं सगळं एकदम सुटतं. तो नळीला मिठी मारून हसला, डोळे पुसून हसला, शेवटी केरबाच्या खांद्यावर डोकं ठेवून हसला.

ते चित्रीकरण फिनलंडला गेलं. खात्याकडून दोन ओळींचं उत्तर आलं: या वस्तूला परवाना लागत नाही. थांबलेली कामं पुढे सरकली.

निघायच्या आदल्या दिवशी युहा, दिग्विजय आणि आप्पासो तोफेच्या सावलीत चहा पीत बसले. दिग्विजयने पाहुण्याला आप्पासोंचे तीन प्रश्न सांगितले, आणि आप्पासोंना पाहुण्याच्या देशाचे कायदे पुन्हा एकदा समजावले. आप्पासो खुलले.

"म्हंजे तुमचं सरकार बी माझ्यावानीच इचारतंय! कुणाच्या हातात देणार, काय करणार..." मग जरा थांबून ते म्हणाले, "पर मेलेला उठणार का, ह्ये इचारत न्हाईत?"

दिग्विजयने याचं भाषांतर केलं नाही. युहाने काय म्हणाले म्हणून विचारलं. तेव्हा मात्र दिग्विजयने मान खाली घालून, एकेक शब्द निवडून सांगितलं. युहा बशी खाली ठेवून तोफेकडे वळला. मग काहीतरी वेगळंच बोलला.

"मामा, त्यांना ही तोफ पाहिजे," दिग्विजय म्हणाला. "तिकडच्या कचेरीत, दारातच उभी करायचीय म्हणतात."

आप्पासो काही बोलायच्या आत दिग्विजय स्वतःच खुर्चीत ताठ बसला, शर्टाची बाही सारखी केली आणि युहाकडे वळून एकामागून एक तिन्ही प्रश्न विचारले. नाटक कुठलं, मरणार कोण, उठणार का. अगदी शेडच्या मालकाच्या थाटात. आप्पासो जावयाकडे बघतच राहिले.

"ते म्हणतात, हिच्यानं कुणी मरणार नाही. हसून लोळले तर उठतील," दिग्विजय म्हणाला. "द्यायची का, मामा? तुमच्या शेडमधलं एक भं..." तो अडखळला. "एक सामान कमी होईल."

आप्पासोंनी शेवटचा घोट घेतला, बशी पालथी घातली, तोफेवर एकवार नजर टाकली आणि म्हणाले,

"न्या म्हणावं. पर हिच्या शेजारी खरी उभी करू नका. बिचारी लय बारकी दिसंल."