फरशी वाळेपर्यंत

संपादकबाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला, तेव्हाच धाकटीने ओळखलं की आता गोड बोलून आपलं काहीतरी उपटलं जाणार. दातांच्या दवाखान्यात ती नोकरीला होती, आणि हे सगळं तिने रोज पाहिलं होतं. डॉक्टरही आधी असेच हसायचे, "काही दुखणार नाही हं" म्हणायचे आणि मग पक्कड हातात घ्यायचे.

"पुस्तक फार सुंदर झालंय," संपादकबाई म्हणाल्या. "पहिल्याच पुस्तकात इतकं जमणं म्हणजे कमाल आहे. फक्त ते फरशीचं प्रकरण तेवढं काढू या."

"का?"

"पटत नाही हो. डोक्यावर तोफगोळे पडतायत, खाली ट्रक उभा आहे, आणि तुमची आई फरशी पुसत बसते? वाचक म्हणेल, काहीतरीच! त्याऐवजी आई तुम्हाला पोटाशी धरून रडते, घराचा निरोप घेते, असं लिहा ना. तुम्हाला सहज जमेल."

"पण आई रडली नव्हती."

"तुम्ही जरा विचार करा," संपादकबाई आणखी गोड होऊन म्हणाल्या. "पुढच्या आठवड्यात छपाईला द्यायचं आहे. ते प्रकरण राहणार असेल, तर आमच्याकडून हे पुस्तक निघणं कठीण दिसतंय."

धाकटी उठली, पायऱ्या उतरून रस्त्यावर आली आणि बसथांब्यावर उभी राहिली. या पुस्तकासाठी तिने कितीतरी वर्षं घासली होती. कितीतरी जणांनी ते वाचून, काही जणांनी न वाचताच, परत पाठवलं होतं. आता कुठे एकीने हो म्हटलं, तर त्या 'हो'ला हे शेपूट.

चाळिशी जवळ आली होती, कानशिलांवर पांढरं दिसू लागलं होतं, तरी घरात ती धाकटीच होती. तिचं खरं नाव या देशातल्या लोकांना धड उच्चारता येत नसे आणि घरच्यांना त्याची कधी गरज पडली नाही. त्यामुळे ते नाव बहुतेक न वापरताच राहिलं होतं. पुस्तकावर ते मोठ्या अक्षरांत छापून येणार, याचं तिला मनातून फार अप्रूप होतं.

आता ते फरशीचं प्रकरण काय, ते सांगायला हवं.

लढाई त्यांच्या गल्लीपर्यंत आली तेव्हा धाकटी सात-आठ वर्षांची होती. एका सकाळी गल्लीच्या तोंडाशी ट्रक येऊन उभा राहिला. ज्यांना निघायचंय त्यांनी निघा, असा पुकारा झाला. बाबांनी थोरलीला, म्हणजे तिच्या मोठ्या बहिणीला, गाठोडं देऊन जागा धरायला पुढे पाठवलं. थोरली अकरा-बारा वर्षांची. ती पळत गेली आणि ट्रकात चढून बसली. इकडे आईने काय करावं? तिने आधी घर झाडलं आणि मग बादली भरून घेतली.

बाबा जिन्यातून ओरडत होते, "अगं बाई, आपण पाहुणचाराला नाही चाललोय! पळून चाललोय!"

आईने ऐकून न ऐकल्यासारखं केलं. आतल्या खोलीपासून मागे सरकत सरकत ती फरशी पुसत आली. तिच्या पाठीशी असलेली धाकटी ढकलली जात जात एकदाची उंबऱ्याबाहेर आली. एवढ्यावर भागलं असतं तरी ठीक होतं, पण त्यांच्या घराचा एक रिवाज होता. ओल्या फरशीवर दार लावायचं नाही. घर कोंदट होतं, कुबट वास धरतं. हा नियम आईच्या आईचा, आणि तिच्याही आधीपासूनचा. तेव्हा आई दार उघडं ठेवून उंबऱ्यावर उभी राहिली आणि म्हणाली, "वाळू दे."

तेवढ्यात बाबांच्या लक्षात आलं की चष्मा आत फळीवर राहिलाय. आईने त्यांना आत जाऊ दिलं नाही. पुढे कित्येक महिने बाबा चष्म्यावाचून वावरले. छावणीत दिसेल त्या माणसाला मेहुणा समजून मिठी मारायचे, आणि मिठीतली माणसंही बिचारी नाही म्हणायची नाहीत.

हसण्यासारखं एवढंच. कारण फरशी वाळली, आईने दार ओढून घेतलं, तिघं गल्लीच्या तोंडाशी आली, आणि ट्रक निघून गेला होता. थोरलीला घेऊन.

ती सापडली काही आठवड्यांनी, सीमेपलीकडच्या एका शाळेत. त्या शाळेचीच छावणी केली होती. तिथे ती अनोळखी बायकांच्या रांगेत गाठोड्यावर बसलेली होती. गाठोडं तिने एकदाही सोडलं नव्हतं. आईला पाहून ती ना रडली, ना धावली. "वाळली का फरशी?" एवढंच तिने विचारलं. तेव्हापासून मायलेकी कामापुरतंच बोलत. थोरलीने आईचं दुखलंखुपलं सगळं पाहिलं, तिला कशाला कमी पडू दिलं नाही. पण आई बादलीला हात लावताना दिसली, की ती खोलीतून उठून जायची.

या देशात आल्यावर भाषा सगळ्यात आधी धाकटीला आली. लहान पोरांना येते तशी, सर्दीसारखी. मग घराची बोलणी सगळी तिच्या गळ्यात पडली. शाळा, दवाखाना, सरकारी खिडकी, जिथे जाल तिथे आई आपल्या भाषेत बोलणार आणि धाकटीने ते पलीकडे पोचवायचं. आईच्या जिभेला हाड नव्हतं. खिडकीतल्या साहेबाने ताटकळत ठेवलं की ती म्हणायची, "याला विचार, खुर्चीला बूड चिकटलंय का?"

धाकटी मान खाली घालून सांगायची, "आई म्हणते, तुम्हाला फार काम असतं. तरी आमचं जरा बघाल का?"

साहेब विरघळायचा. "किती नम्र आहे तुझी आई!"

"काय म्हणाला गं तो?"

"म्हणाला, तू फार नम्र आहेस."

आई तिच्याकडे संशयाने बघायची. "मी म्हणाले ते नीट सांगितलंस ना?"

लिहिण्याचं शिक्षण म्हणाल तर तिचं हेच. एका माणसाच्या तोंडून निघालेलं दुसऱ्याच्या कानात शिरेपर्यंत त्याला कपडे कसे चढवायचे, यात ती पोरवयातच तरबेज झाली. पण त्यात एक गोम होती. या गावात सगळ्यांना माहीत असलेली आई मऊ, उपकाराने वाकलेली, थोडीशी रडवेली होती. ती धाकटीने घडवली होती. खरी आई इथे कुणाला भेटलीच नव्हती. मोठी झाल्यावर धाकटीला याची लाज वाटू लागली आणि मग रागही येऊ लागला. दवाखान्यात दोन रोग्यांच्या मध्ये, आतून किंकाळ्या ऐकू येत असताना, ती लिहू लागली ते याच रागापोटी. किंकाळ्यांचं तिला काही वाटत नसे. लहानपणी याहून मोठ्या ऐकल्या होत्या.

आणि आता संपादकबाई पुन्हा तीच रडवेली आई मागत होत्या.

खोटं कशाला सांगा, धाकटीने लिहून पाहिलं. दुसऱ्याच दिवशी, दवाखान्यातल्या टेबलावर. आई घराच्या भिंतीवरून हात फिरवते, डोळे पुसते, लेकीला उराशी धरते. झरझर उतरलं आणि छानही उतरलं. हीच तर पंचाईत होती. वाचून तिला स्वतःचाच संताप आला, पण कागद फाडायचा धीर काही झाला नाही. तिने तो पर्समध्ये ठेवून दिला.

त्या रविवारी आईचं घर रिकामं करायचं होतं. बाबा गेल्यापासून ती तिथे एकटीच राहत होती. गुडघ्यांमुळे जिना चढवत नव्हता, म्हणून आई थोरलीकडे राहायला जाणार होती. थोरलीने सामानाची गाडी ठरवली होती. दुपारी घरमालकाचा कारभारी ताबा घ्यायला येणार होता. हा माणूस वर्षानुवर्षं जिन्यात भेटला की नाक वर करून म्हणायचा, "तुमच्याकडची माणसं घरांचा पार उकिरडा करतात." धाकटी ते आईला सांगायची, "हवा चांगली आहे म्हणतोय."

सामान खाली गेलं. आई स्वयंपाकघरात उरलेल्या कपबशा कागदात गुंडाळत बसली होती. धाकटी तिच्याजवळ टेकली. पुस्तकात तिने तो प्रसंग आईचा खुळेपणा म्हणून लिहिला होता. वाचणाऱ्याला हसू यावं आणि मग घशात काहीतरी अडकावं, असा. पण खुद्द आईला तिने कधी विचारलं नव्हतं. त्या विषयाला या घरात कुलूप होतं.

"आई, त्या दिवशी तू फरशी का पुसलीस?"

आईचे हात थांबले नाहीत. "ते येणार होते ना."

"कोण?"

"ज्यांच्यामुळे आपण निघालो ते. बूट घालून येणार, हे काय मला कळत नव्हतं? घर तसंच सोडलं असतं तर म्हणाले असते, बघा, ही माणसं अशीच घाणीत राहत होती. लख्ख पुसून ठेवली. म्हटलं, आता जी घाण दिसेल ती तुमची. एकेक पाऊल उमटू दे."

"पण ते बघणार कोण होतं तिथे?"

"ते स्वतः," आई म्हणाली. "आणखी कोण?"

आईने शेवटची बशी गुंडाळली आणि मग खालच्या आवाजात म्हणाली, "फरशी पुसली यात माझं काही चुकलं नाही. आज कुणी विचारलं तरी हेच सांगेन. चुकलं ते ट्रकवाल्यावर विसंबले. थांबतो म्हणाला होता मेला. मी त्याच्या शब्दावर पोर सोडली. ते अजून मला गिळवत नाही."

दारात थोरली खोकं घेऊन उभी होती. किती वेळ उभी होती कोण जाणे. तिने ते खोकं घट्ट पोटाशी घेतलं आणि खाली निघून गेली.

घर मोकळं झालं तशी आईने बादली काढली. धाकटी म्हणाली, "आई, गुडघे बघ तुझे. दे मी करते." आईने तिच्याकडे असं पाहिलं की ती मुकाट बाहेर झाली. आतल्या खोलीपासून, मागे सरकत सरकत, मध्ये दोनदा भिंतीला टेकून, आई पुसत निघाली. पाणी मळलं तेव्हा थोरली वर आली. बादली रिकामी केली, स्वच्छ पाणी भरून आणलं आणि आईच्या हाताशी ठेवलं. धाकटीने ते पाहिलं आणि तिला रडू आवरेना.

आई उंबऱ्यावर आली. तिघी बाहेर उभ्या राहिल्या, दार सताड उघडं. तेवढ्यात खालून गाडीचा भोंगा वाजला. एकदा, दोनदा, मग लांबलचक. आईचा चेहरा पांढराफटक पडला. तिने थोरलीचा हात घट्ट धरला.

"चल, चल लवकर! तो जाईल निघून!"

थोरलीने दुसरा हात खिशात घातला आणि काढून आईसमोर उघडला. तळव्यावर ड्रायव्हरकडून काढून घेतलेली गाडीची किल्ली होती.

"कुठे जातोय तो," थोरली म्हणाली. "वाळू दे."

आईने किल्लीकडे पाहिलं, मग लेकीकडे पाहिलं. हात सोडला मात्र नाही.

कारभारी आला तो अशा वेळी. खाली रस्ता खोदून ठेवला होता, त्याचा चिखल त्याच्या बुटांवर होता. तो सरळ दाराशी गेला. थोरली आडवी आली.

"मला घर बघायचंय."

"बघा की. इथूनच बघा."

"हे घर आता तुमचं नाही, बाई."

"काय म्हणतोय?" आईने धाकटीला विचारलं. धाकटीने सांगितलं, जसंच्या तसं. आई ताठ झाली.

"त्याला सांग, घर असेल त्याच्या मालकाचं. फरशी मी पुसली आहे. बूट घालून आत शिरला, तर तेच बूट काढून त्याच्या टाळक्यात हाणीन. आणि म्हणावं, उकिरडा दाखव मला यात. कुठे आहे तो दाखव."

म्हणजे त्या चांगल्या हवेवर आईने कधी विश्वास ठेवलाच नव्हता. धाकटीने तोंड उघडलं. जुन्या सवयीने जिभेवर मऊ मऊ शब्द आयते आले होते. ते तिने गिळले. मग या देशाच्या भाषेत, मोठ्याने, बुटांसकट आणि टाळक्यासकट, आईचा शब्द न् शब्द त्याला ऐकवला.

कारभाऱ्याने आ वासला. इतक्या वर्षांची ओळख, पण ही म्हातारी त्याला आजच भेटत होती. त्याने आत पाहिलं. फरशी दारापासून खिडकीपर्यंत चकाकत होती. मग त्याने खाली वाकून बुटांच्या नाड्या सोडल्या आणि बूट हातात घेऊन भिंतीला टेकून उभा राहिला. आई खुदकन हसली.

धाकटीचा फोन वाजला. संपादकबाई होत्या.

"रविवारी त्रास देतेय. पण उद्या छपाईला द्यायचंय. मग, काढलंत ना ते?"

धाकटीने पर्समधला कागद काढला, चुरगळला आणि मळक्या पाण्याच्या बादलीत टाकला.

"ते राहील," ती म्हणाली. "आणि मधे नाही, आता ते पहिलं येईल."

"अहो, पहिलं? वाचकाला पुस्तकात शिरताच येणार नाही!"

"मग त्याला म्हणावं, दारात थांब."

पलीकडून फोन ठेवला गेला. पुस्तक पुढे वर्षभराने दुसऱ्या एका छोट्या प्रकाशकाकडून निघालं, पण ते त्या दुपारी कुणाला ठाऊक होतं? त्या दुपारी एवढंच होतं की खाली भोंगा ठणाणा वाजत होता, आणि वर जिन्यात एक आई, तिचा हात धरलेली थोरली, धाकटी आणि हातात बूट घेतलेला कारभारी, सगळे थांबले होते, फरशी वाळेपर्यंत.